मेलेली अळी किती दिवसांची होती? सातेरीच्या पेटीतला कुजरोग ओळखताना आणि आवरताना

मधमाश्यांची पेटी उघडताच आंबूस वास येतो. पोळ्यात बंद घरांच्या मधूनमधून रिकामी घरं दिसतात आणि एखाद-दुसरी अळी पिवळी पडून घरात वाकडीतिकडी पडलेली असते. अशा वेळी पुष्कळदा ‘पावसात असं होतंच’ म्हणून झाकण परत लावलं जातं. नाही तर कुणीतरी सांगितलेलं प्रतिजैविक साखरेच्या पाकात घालून पेटीत ठेवलं जातं. झाकण लावल्याने रोग शेजारच्या पेट्यांत जातो. औषधाने तो काही दिवस दबतो, पण जात नाही, आणि औषध मधात उतरतं. या दोन्हींच्या आधी करायचं काम मात्र राहून जातं, ते म्हणजे मेलेली अळी कोणत्या वयाची होती ते पाहणं. पिल्लांच्या रोगांत निम्मं निदान तिथेच होतं.

इथलं सगळं विवेचन सातेरी माशीचं, म्हणजे आपल्या देशी मधमाशीचं आहे. गोव्यातल्या कुळागरात (माड-पोफळींच्या बागेत), काजूच्या भाटात, घराच्या परसात ठेवलेली आठ चौकटींची आयएसआय ए प्रकारची (भारतीय मानकातली) पेटी डोळ्यांसमोर ठेवली आहे. इटालियन माशी पाळणाऱ्यांनाही लक्षणं तीच दिसतील, पण उपाय करताना सातेरीचा स्वभाव आडवा येतो. ती पेटी सोडून पटकन निघून जाते. परदेशी पुस्तकातला उपाय जसाच्या तसा केला तर रोगाबरोबर वसाहतही जाते.

आधी निरोगी पोळं

कामकरी माशीचं अंडं साधारण ३ दिवस राहतं. त्यातून निघालेली अळी ५ दिवसांच्या आसपास उघड्या घरात वाढते आणि मग घर मेणाने बंद होतं. पुढचे ११ दिवस ती बंद घरात असते. हे आकडे पाठच हवेत, कारण पुढचा सगळा हिशोब त्यांच्यावर आहे.

निरोगी अळी मोत्यासारखी पांढरी, ओलसर, चकचकीत असते. घराच्या तळाशी ती अर्धवर्तुळात गुंडाळलेली असते आणि अंगावरचे वळे स्पष्ट दिसतात. बंद घरांची टोपणं कोरडी, किंचित फुगीर आणि एकसारख्या रंगाची असतात. चांगल्या राणीच्या पोळ्यावर एका वयाची पिल्लं एका पट्ट्यात सलग दिसतात, मधली रिकामी घरं थोडीच.

सातेरीत एक गोष्ट नवख्यांना हमखास फसवते. तिच्या नर माश्यांच्या घरांची टोपणं उंच, टोकदार असतात आणि टोकाला बारीक भोक असतं. ते भोक निसर्गतःच असतं, रोगाचं नव्हे. पोळ्याच्या खालच्या कडेला अशी घरं गटाने असतील तर घाबरायचं कारण नाही. कामकरी माशीच्या सपाट टोपणाला वेडंवाकडं भोक दिसलं तर मात्र ते घर उघडून पाहायचं.

तपासणी सकाळी नऊ ते अकराच्या दरम्यान, कोरड्या दिवशी करावी. धूर अगदी थोडा द्यावा, कारण जास्त धुराने सातेरी पोळ्यावरून सैरावैरा धावते. प्रथम राणी कोणत्या चौकटीवर आहे ते पाहून ती चौकट बाजूला ठेवायची. बाकीच्या चौकटी एकेक करून पेटीतच झटकून माश्या उतरवायच्या, कारण माश्यांनी झाकलेल्या पोळ्यावर सुरुवातीचा रोग कधीच दिसत नाही. पाठ सूर्याकडे करून चौकट अशी तिरपी धरायची की ऊन खांद्यावरून थेट घरांच्या तळाशी पडेल. कुळागरात माड-पोफळींच्या सावलीत ऊन मिळत नाही, तिथे डोक्याला बांधायची विजेरी लागते. जवळ बारीक चिमटा, आगपेटीतल्या काड्या, दोन टाचण्या आणि एक पांढरा कागद असला की पुरे.

अळीच्या वयावरून रोग

गोव्याच्या पेट्यांत खरा गोंधळ तीन रोगांत होतो. युरोपियन फाउलब्रूड आणि अमेरिकन फाउलब्रूड हे दोन जिवाणूंचे कुजरोग. तिसरा थाई सॅकब्रूड, तो विषाणूचा.

युरोपियन फाउलब्रूड मेलिसोकॉकस प्लुटोनिअस या जिवाणूमुळे होतो. दाई माशी अळीला भरवते त्या अन्नातून तो अळीच्या पोटात जातो. पहिल्या दोन दिवसांतली अळी त्याला सर्वांत लवकर बळी पडते. आतड्यात तो वाढतो आणि अळीचं अन्न खातो. म्हणजे अळी भरवली जात असते, पण उपाशी राहते. चौथ्या-पाचव्या दिवशी, घर बंद होण्याच्या आधीच ती मरते. त्यामुळे मेलेल्या अळ्या उघड्या घरांत सापडतात. त्या तळाशी नीट गुंडाळलेल्या नसतात. कधी घराच्या भिंतीला आडव्या चिकटलेल्या, कधी पीळ पडलेल्या, कधी घराच्या तोंडाकडे सरकलेल्या दिसतात. रंग आधी मळकट पांढरा, मग पिवळा, शेवटी तपकिरी. अंगातल्या श्वासनलिका बारीक पांढऱ्या रेघांसारख्या दिसू लागतात. वास आंबट, कधी कुजलेल्या मासळीचा. हा वास मुख्य जिवाणूचा नसून मेलेल्या अळीवर मागून वाढणाऱ्या दुसऱ्या जिवाणूंचा असतो. म्हणून वास नाही एवढ्यावरून रोग नाही असं म्हणता येत नाही. अळी वाळली की रबरासारखी खपली होते आणि ती चिमट्याने सहज सुटते.

अमेरिकन फाउलब्रूडचा जिवाणू पीनीबॅसिलस लार्व्ही. याचे बीजाणू, म्हणजे जिवाणूची टणक कवचातली सुप्त रूपं, अळीच्या पोटात पहिल्या दिवसभरात गेले की लागण होते. एक दिवसाच्या अळीला दहाएक बीजाणूही पुरतात. अळी बहुधा घर बंद झाल्यावर मरते. त्यामुळे इथे टोपणं पाहायची असतात. ती खोल गेलेली, तेलकट, काळपट आणि वेडीवाकडी भोकं पडलेली दिसतात. आत कॉफीच्या रंगाचा चिकट लगदा असतो. तो वाळला की घराच्या खालच्या भिंतीला काळी, टणक खपली घट्ट धरते, चिमट्याने काढायला गेलं तर घरच फाटतं. कधी कोषाची जीभ घराच्या खालच्या भिंतीतून वर उभी राहिलेली दिसते. ती क्वचितच सापडते, पण सापडली तर शंका फारशी उरत नाही.

थाई सॅकब्रूडमध्ये अळी पूर्ण वाढते, घरात लांबसडक पाठीवर पडते आणि कोष होण्याच्या आधी मरते. डोकं वर उचललेलं आणि काळं पडलेलं असतं. चिमट्याने उचलली तर ती पाणी भरलेल्या पिशवीसारखी अख्खी बाहेर येते आणि टोचली की पाणी सांडतं. वास जवळपास नसतो. ही शेवटची खूण फार महत्त्वाची, कारण सातेरीच्या पेट्यांत ज्याला लोक सरसकट ‘अळी कुजली’ म्हणतात त्यात हा विषाणू असू शकतो, आणि त्याच्यावर कोणतंही प्रतिजैविक चालत नाही. हा रोग १९७६ साली थायलंडमध्ये आढळला, १९७८ मध्ये मेघालयात. १९९१-९२ मध्ये तो दक्षिण भारतात पसरला तेव्हा सातेरीच्या बहुतांश वसाहती त्याने संपवल्या. कर्नाटक-केरळातल्या जुन्या मधपाळांना तो काळ अजून आठवतो. जिवाणूचा युरोपियन फाउलब्रूडही भारतीय सातेरीला नवा नाही, त्याची नोंद १९७१ साली झाली आहे.

थोडक्यात विचारायचे प्रश्न असे. घर उघडं आहे की बंद होतं? अळी गुंडाळलेल्या वयाची होती की लांब पसरलेल्या वयाची? उचलली तर काय होतं, पिशवी निघते, ओल्या चिंधीसारखी तुटते, की तार ओढली जाते?

काडी आणि टाचण्या

तार ओढण्याची चाचणी अगदी साधी आहे. संशय आलेलं बंद घर उघडायचं, आगपेटीच्या काडीचं मागचं टोक आत घालून लगदा ढवळायचा आणि काडी हळू, सरळ बाहेर काढायची. अमेरिकन फाउलब्रूड असेल तर तपकिरी चिकट तार अडीच सेंटीमीटर किंवा त्याहून लांब ओढली जाते आणि मग तुटते. युरोपियनमध्ये तार होत नाही. झालीच तर आखूड, खडबडीत, लगेच तुटणारी. इथे घाई नडते ती एकाच घरावर निकाल लावण्याची. अळी नुकती मेलेली, अजून पांढरी असेल तर तार येत नाही. वाळून खपली झाली तरी येत नाही. मधल्या तपकिरी अवस्थेतलीच घरं निवडायची, किमान पाच-सहा तपासायची. वापरलेल्या काड्या जाळायच्या, खिशात परत जाऊ द्यायच्या नाहीत.

टाचण्यांची चाचणी युरोपियनसाठी. आजारी वाटणारी, पण अजून जिवंत असलेली अळी कागदावर ठेवायची आणि दोन टाचण्यांनी अलगद ताणून फाडायची. निरोगी अळीच्या आतड्यात परागांमुळे पिवळट-तपकिरी रंग दिसतो. लागण झालेली असेल तर तिथे खडूसारखा पांढरा, अपारदर्शक गोळा दिसतो, तो जिवाणूंचा. थोडा सराव लागतो, म्हणून आधी एका धडधाकट पेटीतली अळी फाडून फरक पाहून घ्यावा.

खपल्याच उरल्या असतील तर दुधाची चाचणी करता येते. साय काढलेल्या दुधाच्या पावडरीचं एक टक्का द्रावण घ्यायचं, म्हणजे १०० मिली पाण्यात १ ग्रॅम. एका लहान काचेच्या नळीत ते घेऊन खपली टाकायची आणि अंगाइतक्या उबेत ठेवायचं. शेजारी खपली न टाकलेली दुसरी नळी हवीच. अमेरिकन फाउलब्रूड असेल तर दहा-वीस मिनिटांत गढूळ द्रावण निवळतं.

शंका उरली तर नमुना पाठवावा. मध नसलेल्या, रोगट पिल्लं असलेल्या पोळ्याचा १० बाय १० सेंटीमीटरचा तुकडा वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळून पुठ्ठ्याच्या खोक्यात घालायचा. प्लास्टिकच्या पिशवीत नको, आपल्या दमट हवेत दोन दिवसांत बुरशी येते आणि नमुना वाया जातो. पुण्यात केंद्रीय मधमाशी संशोधन व प्रशिक्षण संस्था आहे, ती १९६२ पासून काम करते. पाठवण्याआधी फोन करून विचारून घ्यावं. गोव्यात पहिली चौकशी तालुक्याच्या विभागीय कृषी कार्यालयात किंवा कृषी विज्ञान केंद्रात करावी.

रोग नसलेले प्रकारही वेगळे काढायला हवेत. झाकण गळून पावसाचं पाणी आत आलं किंवा माश्या कमी होऊन कडेची पिल्लं उघडी पडली, तर ती गारठून मरतात. तेव्हा पोळ्याच्या कडेलाच, सगळ्या वयांची, करडी-काळी पिल्लं दिसतात. डिसेंबर ते फेब्रुवारीत काजूच्या मोहोरावर ढेकण्या या किडीसाठी फवारणी होते. त्यानंतर दारात मेलेल्या माश्यांचा सडा आणि आत भुकेने सुकलेल्या अळ्या दिसल्या तर दोष फवाऱ्याचा. आणि एका घरात अनेक अंडी, ठिकठिकाणी फुगीर नरटोपणं दिसली तर राणी नाहीशी होऊन कामकरी माश्या अंडी घालू लागल्या आहेत, तो वेगळाच विषय.

युरोपियन फाउलब्रूड: कधी, काय करायचं

हा रोग ओढाताणीत वर येतो. दाई माश्या कमी आणि भरवायच्या अळ्या जास्त झाल्या की लक्षणं उघड होतात. गोव्यात जून ते ऑगस्ट फुलोरा धुऊन जातो आणि माश्या दिवसेंदिवस बाहेर पडत नाहीत. चवथ (गणेश चतुर्थी) झाली, पाऊस उघडू लागला, किंदळाचं झाड फुलू लागलं की राणी जोरात अंडी घालते, पण पावसात थकलेल्या माश्यांची संख्या वाढलेली नसते. त्यामुळे चवथीनंतरची पहिली सविस्तर तपासणी वर्षातली सर्वांत महत्त्वाची तपासणी आहे.

पुढे फुलोरा वाढला की लक्षणं आपोआप नाहीशी झाल्यासारखी दिसतात. याला बरं होणं म्हणू नये. मेलेल्या अळ्या माश्या लगेच बाहेर काढतात, म्हणून दिसत नाहीत. दुसरं कारण जास्त त्रासाचं. अन्न भरपूर मिळालेली लागण झालेली अळी मरत नाही, वाढते, आणि घर बंद झाल्यावर कोष होण्याआधी विष्ठेतून जिवाणू घराच्या भिंतीवर सोडते. पुढचं अंडं त्याच घरात पडतं. हा जिवाणू बीजाणू करत नसला तरी जुन्या पोळ्यात फार काळ टिकतो. म्हणून पुढच्या पावसाळ्यानंतर तीच पेटी पुन्हा आजारी पडते. जुनं पोळं काढल्याशिवाय हा फेरा तुटत नाही, हे एवढं पटलं तर पुढचं सगळं सोपं आहे.

आजारी घरं थोडी असतील, माश्या पाच-सहा चौकटी भरून असतील, तर सातेरीसाठी राणी कोंडण्याचा मार्ग सर्वांत बरा. तारेच्या जाळीचा लहान पिंजरा घ्यायचा. जाळीतून राणी बाहेर येऊ नये, पण कामकरी माश्यांना बाहेरून तिला भरवता यावं. पिंजरा मधल्या दोन पोळ्यांच्या मधे टांगायचा आणि राणीला १४ दिवस त्यात ठेवायचं. हिशोब असा: कोंडण्याच्या दिवशी घातलेलं शेवटचं अंडं तिसऱ्या दिवशी फुटतं, ती अळी आठव्या दिवसापर्यंत बंद होते. राणी चौदाव्या दिवशी सोडली तर नवी अळी सतराव्या दिवशी निघते. म्हणजे मधले आठ-नऊ दिवस पेटीत भरवायला एकही अळी नसते. दाई माश्यांमार्फत होणारा प्रसार थांबतो आणि घरं साफ करायला वेळ मिळतो. बंद पिल्लं पेटीतच असल्यामुळे माश्या पळून जात नाहीत, सातेरीत हाच मोठा फायदा. आठव्या दिवसानंतर सर्वांत काळी, सर्वांत डागाळलेली दोन-तीन पोळी काढून टाकायची आणि त्यांच्या जागी मेणपत्र्याच्या (घरांचे ठसे उठवलेल्या मेणाच्या पातळ पत्र्याच्या) पट्ट्या लावलेल्या कोऱ्या चौकटी द्यायच्या. पत्रा सातेरीचाच हवा. इटालियनच्या पत्र्यावरची घरं मोठी असतात, सातेरी त्यावर नर वाढवते नाही तर तो कुरतडून टाकते.

रोग वारंवार येणाऱ्या पेटीची राणी परत सोडूच नये. पोळी स्वच्छ ठेवणाऱ्या, रोगाला दाद न देणाऱ्या वसाहतीतून राणीघर, म्हणजे नवी राणी वाढत असलेलं घर, आणून द्यावं. अंड्यांचं पोळं आणायचं असेल तर त्या पेटीत रोग नाही याची खात्री करूनच.

लागण जास्त असेल, पण माश्या अजून भरपूर असतील, तर सगळी पोळी काढून माश्या नव्या पेटीत झटकाव्या लागतात. हे काम ऑक्टोबरपासून पुढे, बाहेर काहीतरी फुलत असताना करायचं. जुलैच्या झडीत मुळीच नाही. संध्याकाळी, माश्या परतल्यावर, जुनी पेटी बाजूला सरकवून तिच्याच जागी निर्जंतुक केलेली पेटी ठेवायची. आधी राणी पकडून पिंजऱ्यात घालून नव्या पेटीत ठेवायची, मग एकेका चौकटीवरच्या माश्या आत झटकायच्या. दाराला राणी अडवणारी जाळी लावायची आणि ती चार-पाच दिवस ठेवायची. राणी अडली की वसाहत सहसा निघून जात नाही. पिंजरा दुसऱ्या दिवशी उघडायचा. पाक पहिल्या २४ तासांनंतर सुरू करायचा, म्हणजे माश्यांच्या पोटातला जुना मध पोळं बांधण्यात खर्च होतो आणि नव्या घरांत साठत नाही. त्यानंतर रोज संध्याकाळी २०० ते २५० मिली.

पाक १ किलो साखर, १ लिटर उकळून निवलेलं पाणी या प्रमाणात. पेटीच्या आत, झाकणाखाली ठेवायचा. बाहेर सांडला तर शेजारच्या पेट्या लुटायला येतात आणि रोग घरी घेऊन जातात. आपल्या हवेत पाक दुसऱ्या दिवशीच आंबू लागतो, म्हणून रात्रीत संपेल एवढाच द्यावा. गूळ नको, त्याने माश्यांना हगवण लागते. दुकानातला मध तर कधीच नको. तो माणसाला निर्धोक असतो, पण त्यात दोन्ही फाउलब्रूडचे जिवाणू असू शकतात. पराग अगदीच येत नसतील तर तेल काढलेल्या सोयाबीनचं पीठ ३ भाग, सुकं यीस्ट १ भाग, साय काढलेल्या दुधाची पावडर १ भाग, पाकात मळून चपटी वडी करून चौकटींच्या माथ्यावर ठेवावी. सुपारीएवढ्या तुकड्याने सुरुवात करावी. खाल्ली नाही तर दोन दिवसांत काढावी, नाही तर मेणकिडा लागतो.

ऐन पावसात रोग सापडला तर? तेव्हा फार काही करता येत नाही हे मान्य करायला हवं. पेटी इतरांपासून दूर न्यावी, रिकामी पोळी काढून चौकटी माश्यांच्या संख्येइतक्या कराव्यात, दार अरुंद करावं, पाक द्यावा, आणि उघडीप मिळाली तर राणी कोंडावी. तीन चौकटींवरही माश्या भरत नसतील तर ती वसाहत वाचवण्यात अर्थ नाही. दोन आजारी वसाहती एकत्र करून एक धडधाकट होत नाही.

प्रतिजैविकाबद्दल स्पष्टच लिहितो. ऑक्सिटेट्रासायक्लिन जिवाणूची वाढ रोखतं, पोळ्यातला साठा तसाच राहतो. औषध थांबलं की रोग परततो, आणि वारंवार दिलं तर औषधाला न जुमानणारे जिवाणू तयार होतात. पाकातून दिलेलं औषध माश्या मधाच्या घरांतही साठवतात. पशुवैद्यकाने निदान करून लिहून दिल्याशिवाय ते वापरू नये, आणि वापरलंच तर त्या पेटीचा त्या हंगामातला मध विकू नये. त्याची मात्रा इथे मुद्दाम दिलेली नाही.

अमेरिकन फाउलब्रूड: इथे वाचवायचं नाही

सातेरीत हा रोग क्वचित सापडतो. तिच्या माश्या रोगट पिल्लं लवकर बाहेर काढतात. पण सापडला तर निर्णय एकच. बीजाणू पोळ्यात, मधात, लाकडात ३५ वर्षांहून जास्त काळ जिवंत राहिल्याची नोंद आहे. एका मेलेल्या अळीत त्यांची संख्या अब्जांत जाते. औषध बीजाणूंना काहीच करत नाही. म्हणून माश्या, पोळी, चौकटी, आतला मध, सगळं जाळायचं.

पेटी भरदिवसा जाळायला घेऊ नये, बाहेर गेलेल्या माश्या शेजारच्या पेट्यांत शिरतात. रात्री सगळ्या परतल्यावर दार आणि फटी ओल्या मातीने बंद करायच्या. वरून पाव लिटर पेट्रोल ओतून झाकण लावायचं, माश्या काही मिनिटांत मरतात. जवळ पेटलेलं धुराडं, विडी, दिवा असता कामा नये. खड्डा आधीच खणून ठेवायचा, किमान दीड-दोन फूट खोल, कारण वितळलेला मध आणि मेण जमिनीवर वाहून गेलं तर दुसऱ्या माश्या ते चाटतात. पूर्ण राख झाल्यावर वर फूटभर माती घट्ट दाबायची. मार्च-एप्रिलमध्ये काजूच्या भाटात वाळलेला पाला एका ठिणगीने पेटतो. तेव्हा खड्डा उघड्या, पाणी मारलेल्या जागी खणावा, चार-पाच मीटरपर्यंत पाला झाडून काढावा आणि पाण्याची पिंपं भरून ठेवावीत. मग आजूबाजूच्या सगळ्या पेट्या तपासाव्यात आणि शेजारच्या मधपाळांना कळवावं. लपवण्यात कुणाचाच फायदा नाही, माशी कुंपण ओळखत नाही.

पेटी, पटाशी, हात

लाकडी पेटी चांगली असेल तर वाचवता येते. आधी मेण आणि डिंक खरडून काढायचा आणि खरवड जाळायची. मग १ किलो धुण्याचा सोडा ५ लिटर गरम पाण्यात घालून ब्रशने घासायचं. खाण्याचा सोडा चालत नाही. हातमोजे आणि चष्मा हवा. वाळल्यावर आतून गॅसच्या बर्नरने लाकूड सारखं कॉफीच्या रंगाचं होईपर्यंत भाजायचं. कोपरे आणि चौकटी टेकतात त्या खाचा हमखास राहून जातात, तिथे ज्योत जास्त वेळ धरायची.

प्लास्टिकच्या वस्तू भाजता येत नाहीत. त्या आधी धुऊन, ०.५ टक्के सोडियम हायपोक्लोराइटच्या द्रावणात २० मिनिटं पूर्ण बुडवून ठेवायच्या. बाटलीवर ५ टक्के लिहिलं असेल तर एक भाग द्रावण, नऊ भाग पाणी. मेण लागलेलं राहिलं तर त्याखाली द्रावण पोचत नाही. पोळी निर्जंतुक करायला अ‍ॅसिटिक आम्लाची धुरी देतात, पण ते ८० टक्क्यांचं असतं, हाताळायला धोक्याचं. घरातलं माडाचं व्हिनेगर त्याच्या पासंगालाही पुरत नाही, त्याने पोळं पुसून उपयोग नाही. आणि व्हिनेगर व हायपोक्लोराइट कधीही एकत्र करू नये, विषारी वायू सुटतो. आजारी पेटीतली पोळी वितळवून मेण करावं हे बरं, आणि ते मेण मधमाश्यांच्या पत्र्यासाठी देऊ नये.

पटाशी, चिमटा प्रत्येक पेटीनंतर सोड्याच्या पाण्यात घासून घ्यायचा. कातड्याचे हातमोजे स्वच्छ होत नाहीत, पातळ रबरी मोजे घालून ते पेटीगणिक बदलावेत. तपासणीचा क्रम नेहमी निरोगी पेटीपासून संशयिताकडे. पेट्यांवर आणि चौकटींवर नंबर घालावेत, म्हणजे एका पेटीची चौकट दुसरीत गेली तर कळतं. जोर यावा म्हणून एका पेटीतलं पिल्लांचं पोळं दुसरीला देणं ही सगळ्यांच्या हातातली सवय आहे, आणि रोग पसरण्याचा तोच सर्वांत जवळचा रस्ता. मध काढल्यावर यंत्र, पातेली, गाळण्या उघड्यावर माश्यांना चाटायला ठेवणंही तसंच.

दरवर्षी आठांपैकी तीन सर्वांत जुनी पोळी काढून नवी बांधून घ्यावीत. हे काम जानेवारी-फेब्रुवारीत, काजू आणि माड दोन्हींवर माश्या जोरात असताना सोपं जातं. तेव्हा सातेरी नवं पोळं भराभर ओढते.

उपचार केलेली पेटी पहिली नवी पिल्लं बंद होऊ लागली की, म्हणजे राणी सोडल्यानंतर दहाएक दिवसांनी, पुन्हा झटकून तपासावी, आणि त्यानंतर दर तीन आठवड्यांनी, पुढचा पावसाळा येईपर्यंत. विकत आणलेली वसाहत, झाडाच्या ढोलीतून किंवा जुन्या घराच्या भिंतीतून काढून पेटीत बसवलेली वसाहत, दोन्ही किमान दीड-दोन महिने इतरांपासून वेगळ्या ठेवाव्यात. ढोलीतली पोळी चौकटीत बांधून घेताना फक्त सलग, स्वच्छ पिल्लांचे तुकडे घ्यावेत. काळी पडलेली पोळी त्याच दिवशी वितळवावीत, आणि ढोलीचं तोंड मातीने बुजवावं, म्हणजे मागे राहिलेला मध लुटायला दुसऱ्या माश्या येणार नाहीत.